आधी कान, मग पाटी

तीन-साडेतीन वर्षांचं मूल बालवर्गात जायला लागलं की पंधरा दिवसांत घरचे त्याची वही उघडून बघतात. रेघा ओढल्या का, ‘अ’ काढला का, एक ते दहा आकडे आले का. वही कोरी दिसली की शाळेत काही शिकवत नाहीत असं ठरून जातं. खासगी बालवाड्यांना पालकांचा हा स्वभाव पक्का ठाऊक असतो, म्हणून तिथे पहिल्या महिन्यापासून गृहपाठ सुरू होतो. अंगणवाडीच्या ताईंनाही गावातून तेच ऐकावं लागतं : नुसतं खेळवता, शिकवत काही नाही.

या दबावापुढे आपण मुलांचं फार मोठं नुकसान करतो आहोत, असं माझं ठाम मत आहे. सहा वर्षांच्या आतल्या मुलाला पेन्सिलीच्या आधी ऐकण्याचं काम हवं असतं. आवाज ओळखणं, तो कुठून आला ते शोधणं, दोन आवाजांतला फरक सांगणं, कान उघडे ठेवून आसपास फेरी मारणं. असे खेळ राज्यातल्या प्रत्येक अंगणवाडीत आणि बालवर्गात रोज वीस मिनिटं व्हायला हवेत, आणि तेही वेळापत्रकात लिहून. बाहेर पाऊस आहे किंवा पोषण आहार यायला उशीर झालाय म्हणून वेळ भरून काढायला घेतलेला खेळ मी यात धरत नाही.

खेळ कसा असतो ते आधी सांगतो, कारण ‘आवाज ओळखा’ म्हटलं की अनेकांना ते फारच किरकोळ वाटतं. खोलीच्या कोपऱ्यात दोरीवर एक जुनी साडी टाकायची. ताई साडीमागे, मुलं पुढे. ताईंजवळ एका टोपलीत स्टीलची वाटी आणि चमचा, पितळेची छोटी घंटा, दोन करवंट्या, किल्ल्यांचा जुडगा, काचेच्या बांगड्या, जुनं वर्तमानपत्र, पाण्याने भरलेला तांब्या आणि एक रिकामं भांडं. ताई एक वस्तू वाजवतात आणि थांबतात. पहिल्या दिवशी सगळी मुलं एकदम ओरडतात, ‘भांडं! भांडं!’ मग ताई विचारतात : कसलं भांडं? मोठं की लहान? रिकामं की त्यात काही आहे? हाताने वाजवलं की चमच्याने? इथे गलका थांबतो. मुलं मान तिरकी करतात, एखादं मूल डोळे मिटून घेतं. पुन्हा वाजवा, अशी मागणी येते. ‘पुन्हा वाजवा’ हे वाक्य मुलांकडून आलं की समजावं, शिकणं सुरू झालं. आता ती उत्तर फेकत नाहीत, पुरावा मागताहेत.

टोपलीतली मला सगळ्यात आवडणारी गोष्ट म्हणजे पाणी. तांब्यातलं पाणी भांड्यात ओतत जायचं आणि मुलांना सांगायचं, भांडं भरत आलं की थांबा म्हणा. भांडं भरत जातं तसा आवाज चढत जातो, कारण वर उरलेली हवेची पोकळी आखूड होत जाते आणि पोकळी जितकी आखूड तितका तिचा सूर उंच. सार्वजनिक नळावर गप्पा मारत हंडा भरणारी बाई न बघता नेमक्या वेळी तोटी बंद करते ती याच आवाजावर. चार वर्षांचं मूलही दोन-तीनदा ऐकलं की बरोबर जागी ‘थांबा!’ म्हणायला लागतं. त्याला कारण सांगता येणार नाही. पण एका वस्तूचा बदल दुसऱ्या गोष्टीतल्या बदलावरून ताडता येतो, हे त्याला कळलेलं असतं. विज्ञानाच्या तासाला पुढे जे निरीक्षण-अनुमान म्हणून शिकवायचं, त्याची ही पहिली पायरी आहे, आणि तिला वही लागत नाही.

दुसरा खेळ डब्यांचा. बाहेरून अगदी सारख्या दिसणाऱ्या बारा झाकणाच्या डब्या घ्यायच्या आणि दोन-दोन डब्यांत एकच जिन्नस भरायचा : रवा, तांदूळ, साबुदाणा, हरभरे, चिंचोके, बारीक खडे. कानाजवळ धरून हलवायचं आणि जोड्या लावायच्या. चिंचोके आणि खडे सहज ओळखू येतात. तांदूळ आणि साबुदाण्यापाशी मुलं अडतात, आणि ती अडतात तिथेच खेळाची खरी किंमत आहे. एक मूल म्हणतं या सारख्या, दुसरं म्हणतं नाही. मग दोघं आळीपाळीने हलवून बघतात. ताईंनी लगेच झाकण उघडून दाखवू नये, एवढंच पथ्य.

तिसरा प्रकार म्हणजे कानांची फेरी. दहा-बारा मुलांना घेऊन अंगणवाडीच्या बाहेर पडायचं, ठरलेल्या तीन-चार जागी थांबायचं, आणि प्रत्येक ठिकाणी मिनिटभर काही न बोलता ऐकायचं. पिठाची गिरणी, हापसा, देवळाचा कठडा, चिंचेचं झाड. उन्हं तापली की वड-पिंपळावर तांबट पक्षी तासन् तास एका लयीत ‘टुक टुक’ करत बसतो. तो पानांत दिसत नाही, पण ऐकू येतो, म्हणून मुलांना त्याला शोधायचं वेडच लागतं. मृगाच्या आधी पावशा ओरडायला लागतो. त्याच्या हाकेत आपल्या शेतकऱ्यांनी पिढ्यान् पिढ्या ‘पेरते व्हा’ ऐकलं आहे. शहरात हेच कुकरच्या शिट्ट्या, भंगारवाल्याची हाक, लिफ्टचं दार, लांबून येणारी लोकल यांच्यावर करता येतं. परत आल्यावर गोल बसून प्रत्येकाने एक आवाज सांगायचा आणि तोंडाने काढून दाखवायचा. जवळचा कुठला होता, लांबचा कुठला, कुठला थांबून थांबून येत होता. अशा बोलण्यातून जेवढी भाषा घडते तेवढी भिंतीवरच्या तक्त्याने घडत नाही.

आता हे सगळं का करायचं? गर्भातल्या शेवटच्या महिन्यांत बाळाचा कान काम करू लागलेला असतो. जन्मल्यावर काही दिवसांतच ते आईचा आवाज इतर बायकांच्या आवाजातून वेगळा ओळखतं. पण कान नुसता उघडा असून भागत नाही, तो घडावा लागतो. या बाबतीत एक प्रयोग आपल्या फार जवळचा आहे. १९८४ साली कॅनडातल्या जॅनेट वर्कर आणि रिचर्ड टीस यांनी इंग्रजी बोलणाऱ्या घरांतल्या बाळांना हिंदीतले ‘त’ आणि ‘ट’ ऐकवले. इंग्रजीत हा भेद नाही, त्यामुळे तिथल्या प्रौढांना तो सहसा ऐकूच येत नाही. सहा ते आठ महिन्यांच्या बाळांना मात्र तो नीट कळत होता. दहा-बारा महिन्यांची होईपर्यंत त्यांच्यातल्या बहुतेकांचा तो भेद ओळखण्याचा कान मावळला होता, तर हिंदी ऐकत वाढणाऱ्या बाळांमध्ये तो टिकून होता. जे ऐकायला मिळतं ते कान धरून ठेवतो, जे मिळत नाही ते सोडून देतो. आसपास कोणते आवाज आहेत, कोण मुलाशी बोलतंय, किती स्पष्ट बोलतंय, यावर पुढचं बरंच काही अवलंबून असतं.

इथे एक सावधगिरी बाळगली पाहिजे. घंटा आणि वाटी यांतला फरक ओळखणारं मूल आपोआप वाचायला लागेल, असा दावा मी करत नाही. तो खोटा ठरेल. वाचनाशी थेट नातं आहे ते बोलण्यातल्या ध्वनींच्या जाणिवेचं. ऑक्सफर्डमधल्या लिनेट ब्रॅडली आणि पीटर ब्रायंट यांनी चार-पाच वर्षांच्या सुमारे चारशे मुलांवर केलेला अभ्यास १९८३ मध्ये प्रसिद्ध झाला. वाचता येऊ लागण्याच्या आधी ज्या मुलांना यमक आणि शब्दाचा पहिला ध्वनी नीट ओळखता येत होता, ती पुढे वाचनात आणि शब्दलेखनात पुढे राहिली. मागे पडलेल्यांपैकी काहींना शिकवून पाहिलं, तेव्हा सर्वात जास्त प्रगती झाली ती ध्वनींचे खेळ आणि अक्षरं यांची सांगड घातलेल्या गटाची. म्हणून माझं भांडण अक्षरांशी नाही, अक्षरांच्या घाईशी आहे. वस्तूंचे आवाज हे दार आहे; त्यातून आत जाऊन माणसाच्या आवाजाकडे, मग यमकाकडे, मग शब्दाच्या तुकड्यांकडे आणि शेवटी पहिल्या ध्वनीकडे जायचं असतं. वस्तू ओळखताना लागलेली थांबून ऐकण्याची सवय पुढच्या प्रत्येक पायरीवर उपयोगी पडते.

मराठीत तर या कामाला पर्यायच नाही. ‘चंद्र’ आणि ‘चाक’ यांतला ‘च’ आपण एकाच अक्षराने लिहितो, पण बोलतो वेगळा. ‘जीभ’ आणि ‘जाळं’ यांतला ‘ज’ही तसाच. ‘चार’ आणि ‘चारा’ यांतला फरक लिपी दाखवत नाही, तो कानानेच शिकावा लागतो. मला आणि मळा, काल आणि काळ, वेल आणि वेळ, मन आणि मण : ‘सारखं की वेगळं’ हा खेळ एवढ्या जोड्यांवर महिनाभर चालेल. टाळ्यांच्या खेळात ‘कमळ’ म्हटलं की मूल दोन टाळ्या वाजवतं, क-मळ. ताई दुरुस्त करतात : तीन अक्षरं आहेत, तीन वाजव. खरं तर मूल बरोबर ऐकत असतं. तोंडून दोनच तुकडे निघतात, तिसरं अक्षर लिपीत आहे. तेव्हा कानाला आधी त्याचं ऐकणं पूर्ण करू द्यावं, लिपी नंतर त्याच्याशी जुळवून घेता येते. हे प्रशिक्षणात ताईंना कुणी सांगितलं, तर कितीतरी मुलांचा आत्मविश्वास वाचेल.

आणखी एक कारण मला सर्वात महत्त्वाचं वाटतं. मेळघाटात कोरकू बोलणारं मूल, नंदुरबारच्या डोंगरातलं भिली-पावरी बोलणारं मूल, भामरागडचं माडिया बोलणारं मूल अंगणवाडीत पहिल्या दिवशी येतं तेव्हा शाळेची मराठी त्याला परकी असते. कोरकू तर आपल्या मराठीच्या भाषाकुळातलीही नाही, ती मुंडा गटातली. चित्र दाखवून ‘हे काय?’ विचारलं की हे मूल गप्प बसतं, आणि गप्प बसणारं मूल मठ्ठ ठरतं. साडीमागून करवंट्या वाजल्या की मात्र ते इतरांच्या बरोबरीने, कधी इतरांच्या आधी, ओळखतं. रानातल्या पाखरांच्या आवाजात तर ते ताईंनाही शिकवू शकतं. उत्तर त्याच्या भाषेत आलं तरी ते उत्तरच असतं. ताईंनी ते स्वीकारलं, सगळ्यांकडून म्हणवून घेतलं, मग त्याला मराठी शब्द जोडला, की पहिल्या दिवसापासून ते मूल वर्गातलं जाणतं मूल होतं. भाषा येत नाही म्हणून मागे पडणाऱ्या मुलाला बरोबरीने उभं करणारा इतका स्वस्त उपाय मला दुसरा माहीत नाही.

हे काही आजकालचं नवं खूळ नव्हे. मारिया माँटेसरींनी १९०७ साली रोममधल्या सॅन लॉरेंझो या गरीब वस्तीत पहिलं बालगृह उघडलं. तिथे एकदा त्या चार महिन्यांचं एक बाळ वर्गात घेऊन आल्या आणि मुलांना म्हणाल्या, बघा हे किती शांत आहे, तुम्हाला असं राहता येईल का? मुलं श्वासही जपून घ्यायला लागली. नंतर मुलांना किती बारीक ऐकू येतं हे पाहण्यासाठी त्यांनी लांबून एकेकाला नाव घेऊन कुजबुजत्या आवाजात बोलावलं. चाळीसेक मुलं आपल्या नावाची वाट बघत बसली आणि ज्याचं नाव येईल ते आवाज न करता चालत त्यांच्याकडे गेलं. सारख्या आवाजाच्या नळ्यांच्या सहा जोड्याही त्यांच्याच साधनांतल्या. हा शांतीचा खेळ गुजरातचे बालशिक्षणतज्ज्ञ गिजुभाई बधेकांनी भावनगरच्या दक्षिणामूर्ती बालमंदिरात आणला. तिथे त्यांच्याबरोबर ताराबाई मोडक होत्या. १९२६ मध्ये नूतन बालशिक्षण संघ निघाला, १९४५ मध्ये ताराबाईंनी बोर्डीला बालवाडी सुरू केली आणि पुढे अनुताई वाघांना सोबत घेऊन कोसबाडच्या टेकडीवर वारली मुलांमध्ये काम उभं केलं. महागडी साधनं बाजूला ठेवून त्यांनी शिंपले, बिया, खडे, पानं हीच साधनं मानली. मूल बालवाडीत येत नसेल तर बालवाडीने त्याच्या अंगणात जावं, हा विचार त्यांचाच. गुरं राखणाऱ्या मुलांसाठी कुरणात शाळा भरवण्याचं धाडसही त्यांचंच.

२ ऑक्टोबर १९७५ ला एकात्मिक बालविकास योजना सुरू झाली आणि अंगणवाडी हा शब्द देशभर गेला. शब्दाबरोबर कोसबाडची सगळी पद्धत मात्र गेली नाही. आहार, वजन, लसीकरण ही कामं अत्यंत गरजेची होती आणि आहेत. पण पूर्वशालेय शिक्षण हे योजनेच्या सहा सेवांपैकी एक असूनही ते कायम शेवटी उरलं. अलीकडच्या कागदांत तर सगळं लिहिलेलं आहे. २०२० च्या राष्ट्रीय शिक्षण धोरणाने तीन ते आठ वर्षं हा पायाभूत टप्पा मानला. ५ जुलै २०२१ ला सुरू झालेल्या, पायाभूत वाचन-गणितासाठीच्या ‘निपुण भारत’ अभियानाच्या मार्गदर्शक सूचनांत मौखिक भाषाविकास आणि ध्वनींची जाणीव यांना वाचनाच्या आधीचं स्थान आहे. तरीही प्रत्यक्ष वर्गात पाटी आणि गृहपाठच दिसतात, कारण वही मोजता येते. ऐकणं मोजायला वर्गात जाऊन बसावं लागतं.

याचा परिणाम पुढे कसा दिसतो त्याचं एक उदाहरण प्राथमिक शाळेतून देतो. ‘ध्वनिदर्शक शब्द’ हा मराठी व्याकरणातला एक घटक शिष्यवृत्ती परीक्षेच्या तयारीत असतो. पानांची सळसळ, नाण्यांचा छनछनाट, ढगांचा गडगडाट, विजांचा कडकडाट, तलवारींचा खणखणाट. मुलं हा तक्ता घोकून घोकून पाठ करतात आणि पूर्ण गुण मिळवतात. हे सगळे शब्द कुणाच्या तरी कानाने घडवलेले आहेत. सळसळमधल्या ‘स’चा ‘ख’ होऊन खळखळ झालं की पान जाऊन पाणी येतं, ही आपल्या भाषेची केवढी श्रीमंती! जे मूल चौथ्या वर्षी पिंपळाखाली थांबून ऐकेल, त्याला हा शब्द पाठ करावा लागणार नाही. तक्ता घोकणाऱ्याला सळसळ हे पाच जोड्यांपैकी एका जोडीचं उत्तर असतं, बस.

कुणी म्हणेल, हे सगळं मोबाइलवर आहे की. ‘ओळखा पाहू आवाज कुणाचा’ असे पुष्कळ व्हिडिओ आहेत, मूल तासभर रमतं. रमतं हे खरं. पण त्या खेळात कानाचं निम्मं काम आधीच काढून घेतलेलं असतं. आवाज कुठून आला हे आपण दोन्ही कानांवर तो किती फरकाने पोहोचला यावरून ओळखतो, आणि तो फरक सेकंदाच्या हजाराव्या भागाहूनही कमी असतो. आंधळी कोशिंबीर खेळताना मूल याच बारीक फरकावर पावलं टाकत असतं. मोबाइलच्या एवढ्याशा स्पीकरमधून वाघ, विमान आणि पाऊस एकाच जागेतून, एकाच अंतरावरून येतात. शिवाय तीन सेकंदांत पडद्यावर उत्तराचं चित्र येतं, तांदूळ की साबुदाणा यावर भांडायला वेळच मिळत नाही. आणि मूल चुकलं तर व्हिडिओला ते कळत नाही. ताईंना कळतं. वाटीच्या आवाजाला एखादं मूल ‘देवाची घंटा’ म्हणालं, तर त्याने ती झंकार कुठे ऐकली होती हे ताई विचारू शकतात, आणि त्यातून गावच्या जत्रेपर्यंत बोलणं जातं. घरीही आजी-आजोबा असतील तर त्यांच्याकडून हे खेळ मोबाइलपेक्षा कितीतरी चांगले होतील. भेंड्या, कानगोष्टी, आंधळी कोशिंबीर, सगळं त्यांना येतं.

खरी अडचण वेगळी आहे, आणि ती गोंगाटाची. ऐकण्याचे खेळ घ्यायचे तर ऐकू येईल अशी जागा हवी. कित्येक अंगणवाड्या अजून भाड्याच्या खोलीत, समाजमंदिरात, कुणाच्या पडवीत भरतात. पत्र्याचं छप्पर असलं तर पावसाळ्यात ताईंचा आवाज पहिल्या रांगेपलीकडे जात नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या शिफारशीप्रमाणे वर्गातला पार्श्वभूमीचा आवाज ३५ डेसिबलच्या वर जाऊ नये. आपल्या २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांत शैक्षणिक संस्थांभोवती १०० मीटरपर्यंतचं क्षेत्र शांतता क्षेत्र मानण्याची तरतूद आहे आणि तिथे दिवसाची मर्यादा ५० डेसिबल आहे. रस्त्याला लागून असलेल्या शाळेत ही मर्यादा पाळली जात नाही, हे तिथे पाच मिनिटं उभं राहिलं तरी कळतं. मोठ्या माणसाला गोंगाटात अर्धं वाक्य ऐकू आलं तरी चालतं, कारण उरलेलं तो आपल्या भाषेच्या ज्ञानावर भरून काढतो. लहान मुलाकडे ते भांडवलच नसतं. त्याला शब्द पूर्ण आणि स्वच्छ ऐकू आला तरच तो शिकता येतो. म्हणून मिरवणुकीचे स्पीकर आणि रस्त्यावरचे भोंगे हा फक्त आजारी माणसांच्या आणि परीक्षेला बसलेल्यांच्या गैरसोयीचा प्रश्न नाही. बोलायला शिकणाऱ्या मुलाच्या भाषेचा तो प्रश्न आहे. ग्रामपंचायतीने आणि नगरपालिकेने अंगणवाडीलाही शैक्षणिक संस्था मानून तिच्याभोवती शांतता क्षेत्राची पाटी लावावी आणि निदान वर्गाच्या वेळेपुरती ती पाळून घ्यावी. पत्र्याखाली साधं तक्तपोशीचं किंवा बांबूच्या तट्ट्यांचं आच्छादन घातलं तरी पावसाचा मार बराच कमी होतो. नव्या बांधकामात ते अंदाजपत्रकातच धरलं पाहिजे.

या खेळांचा आणखी एक उपयोग आहे, त्या एकट्यासाठीही ते सुरू करावेत. साडीमागचा आवाज एखाद्या मुलाला रोजच कळत नसेल, कुजबुजत बोलावलं की ते शेजारच्याकडे बघून उठत असेल, एकाच बाजूने हाक ऐकू येत असेल, तर ताईंच्या ते आठवड्याभरात लक्षात येतं. एरवी असं मूल ‘लक्ष देत नाही’, ‘हट्टी आहे’ या शेऱ्यांखाली वर्षानुवर्षं दडून राहतं. लहान मुलांत सर्दीनंतर मधल्या कानात पाणी साचून राहतं, कान दुखत नाही, वाहत नाही, फक्त सगळं दबल्यासारखं ऐकू येतं. काही आठवडे नीट, काही आठवडे कमी, असं चालतं, त्यामुळे घरच्यांनाही पत्ता लागत नाही. बालपणातल्या श्रवणदोषांपैकी जवळजवळ ६० टक्के टाळता येण्यासारख्या कारणांमुळे होतात, असं जागतिक आरोग्य संघटना सांगते. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रम २०१३ मध्ये सुरू झाला तो आपल्याच पालघरमधून, कोसबाडपासून फार लांब नाही. त्याच्या पथकाने अंगणवाडीला वर्षातून दोनदा भेट देऊन मुलं तपासायची असतात आणि श्रवणदोष त्या तपासणीच्या यादीत आहे. पण एका दिवसात पन्नास-साठ मुलं बघणाऱ्या डॉक्टरांना सौम्य दोष दिसणं अवघड. ताईंनी आधीच दोन नावं काढून ठेवलेली असली, तर पथकाचा वेळ नेमक्या मुलांवर जाईल आणि तिथून जिल्हा रुग्णालयात रीतसर श्रवणचाचणी होईल. खेळ म्हणजे चाचणी नव्हे, हे ताईंना आणि पालकांना दोघांनाही स्पष्ट सांगितलं पाहिजे. खेळाने फक्त शंका येते, निदान डॉक्टरांनीच करायचं.

ज्या मुलाला ऐकू येत नाही हे आधीच माहीत आहे, त्याला या वीस मिनिटांत कोपऱ्यात बसवून ठेवणं हा मोठा अन्याय होईल. त्याच्या हाताला ढोलकीच्या पानाची थरथर कळते, पाटावर तळवा ठेवला की लाटण्याचा ठोका कळतो. त्याने तळव्याने ओळखावं, इतरांनी कानाने ओळखावं, आणि दोन्ही उत्तरं एकाच यादीत यावीत. डोळ्यांवर पट्टी बांधल्यावर घाबरणाऱ्या मुलांनाही जबरदस्ती करू नये. पाठ फिरवून बसलं तरी खेळ होतो.

उरला प्रश्न ताईंच्या वेळेचा, आणि तो टाळून पुढे जाणं अप्रामाणिकपणाचं होईल. डिसेंबर २०२३ आणि जानेवारी २०२४ मध्ये राज्यातल्या अंगणवाडी सेविका मानधन आणि निवृत्तिवेतनासाठी दीर्घ संपावर होत्या. मार्च २०२१ मध्ये आलेल्या पोषण ट्रॅकर या मोबाइल अ‍ॅपमध्ये रोजची नोंद, वजन-उंची, गृहभेटी, लाभार्थ्यांची पडताळणी, वर निवडणुकीची आणि सर्वेक्षणाची कामं. एवढं सगळं असताना आणखी एक उपक्रम, त्याचा आणखी एक फोटो, त्याची आणखी एक नोंद असं झालं, तर हा खेळ पहिल्याच महिन्यात मरेल. म्हणून माझी मागणी नोंदींशिवायच्या वीस मिनिटांची आहे. त्या वेळात फोन कपाटात. फोटो नाही, अहवाल नाही. अंगणवाड्यांवर देखरेख करणाऱ्या मुख्यसेविका भेटीला आल्या तर त्यांनी वही तपासण्याऐवजी मुलांच्या रांगेत बसून एक डाव खेळावा. वर्गात काय चाललंय हे त्यांना दहा मिनिटांत कळेल. आणि पालकसभेत ताईंनी वही दाखवण्याऐवजी पालकांनाच साडीसमोर बसवावं. तांदूळ की साबुदाणा हे ओळखताना मोठी माणसंही अडतात, आणि मग ‘नुसतं खेळवता’ हे वाक्य परत म्हणताना त्यांची जीभ अडखळेल.

जूनमध्ये नवी मुलं येतील. एप्रिल-मेच्या बीट बैठकीत, म्हणजे आसपासच्या अंगणवाड्यांच्या ताई एकत्र येतात तेव्हा, प्रत्येक ताईंनी बारा रिकाम्या डब्या आणायच्या, घरून मूठभर रवा, तांदूळ, हरभरे आणायचे आणि सगळ्यांनी मिळून त्या तिथेच भरून, झाकणं चिकटवून घ्यायच्या. झाकणं घट्ट चिकटवणं महत्त्वाचं, कारण तीन वर्षांचं मूल हरभरा नाकात किंवा तोंडात घालू शकतं. दोरी आणि जुनी साडी प्रत्येकीच्या घरी आहेच.